भुताचं तिकीट

मराठी माणसाला भुताचं वावडं नाही. वावडं आहे ते भुताच्या तिकिटाचं.

हे विधान मी पूर्ण जबाबदारीने करतो आहे. दोन दशकं बँकेच्या काउंटरमागे बसून लोकांचे पैसे मोजले की माणसं कशासाठी पैसे काढतात आणि कशासाठी काढत नाहीत, याचा एक अंदाज येतो. माणूस लग्नासाठी काढतो, घराच्या कौलांसाठी काढतो, मुलाच्या डोनेशनसाठी काढतो, आंब्याच्या फवारणीसाठी काढतो. भिण्यासाठी पैसे काढायला आलेला एकही खातेदार मी आजतागायत पाहिलेला नाही. भीती ही गोष्ट फुकट मिळते, आणि फुकट मिळणाऱ्या गोष्टीला पैसे मोजणं हा आपल्याकडे गाढवपणा समजला जातो.

त्यात आम्ही पडलो कोकणातले. आमच्याकडे भुतांची टंचाई कधी नव्हतीच. घाटावर पाण्याचे टँकर लागतात. आमच्याकडे मे महिन्यात विहीर आटेल, पण विहिरीतला गिऱ्हा आटायचा नाही. पिंपळावर मुंजा, वेशीवर वेताळ, माळावर चकवा, शेताच्या बांधावर राखणदार, पडक्या घरात समंध, आणि चिंचेखाली हडळ. खाती वेगळी, हद्दी वेगळ्या, एकमेकांच्या कामात ढवळाढवळ नाही. सरकारी कचेऱ्यांत अशी कामाची वाटणी असती तर सातबारा एका दिवसात मिळाला असता.

आमच्या हेदवीचंच घ्या. गुहागर तालुक्यातलं हे गाव दशभुजा गणपतीसाठी प्रसिद्ध आहे. दहा हात असलेला देव गावात असल्यावर भुताखेतांनी खरं म्हणजे गाशा गुंडाळायला हवा होता. पण खाली समुद्रावर, उमामहेश्वराच्या देवळाजवळ, बामणघळ आहे. काळ्या खडकाला पडलेली एक अरुंद, खोल भेग. भरतीच्या वेळी लाट त्या भेगेत शिरते, आत कोंडते, आणि मग तोफ डागल्यासारखा आवाज होऊन पाण्याचा फवारा पार माणसाच्या डोक्यावर उडतो. यात कोणी एक ब्राह्मण पडला म्हणून ही बामणघळ. तो कोण, कधी पडला, कशाला तिथे गेला होता, हे विचारलं की सांगणाऱ्याच्या वयाप्रमाणे उत्तर बदलतं. काहींच्या मते तो संध्येला गेला होता, काहींच्या मते सावकाराला चुकवायला. (बँकेत काम करत असल्याने मला दुसरी हकिगत जास्त पटते.)

आता या घळीवर पर्यटक येतात. फोटो काढतात, मोबाईल भिजवून घेतात, आणि जाताना एखाद्या म्हाताऱ्याला गाठून विचारतात, "काय हो आजोबा, इथे भूत आहे का?" आजोबा बिचारे अर्धा तास खपून, हातवारे करून, आवाज खाली-वर करून गोष्ट सांगतात. पर्यटक अंगावर काटा आलेला एकमेकांना दाखवतात, "मस्त हं आजोबा!" म्हणतात आणि गाडीत बसतात. सोलकढीचे पैसे देतात. गोष्टीचे देत नाहीत. गोष्ट सोलकढीवर फुकट!

माझं भांडण आहे ते या फुकटेपणाशी. आणि आजोबांच्या एका गोष्टीपुरतं ते असतं तर मी हा कागद खराब केला नसता. या फुकटेपणाने आपल्या एका अस्सल मराठी भयकथेची पंचवीस वर्षं जी परवड केली, ती लिहून ठेवणं मला भाग आहे.

मी 'तुंबाड'बद्दल बोलतो आहे.

तुंबाड हे आमच्याच रत्नागिरी जिल्ह्यातलं, खेड तालुक्यातलं गाव. मराठी वाचकाला ते कळलं श्री. ना. पेंडशांमुळे. १९८७ साली त्यांची 'तुंबाडचे खोत' ही दोन खंडांची कादंबरी आली आणि जगबुडीच्या काठावरचं हे गाव घराघरात पोचलं. पोचलं म्हणजे कपाटात पोचलं. दोन खंड कपाटात उभे केले की पाहुण्यांवर छाप पडते, आणि ते खाली काढून वाचले की उन्हाळ्याची अख्खी सुट्टी सत्कारणी लागते. त्यात खोतांच्या पिढ्या आहेत, माज आहे, ऱ्हास आहे, पण सोन्याची नाणी बाळगणारा राक्षस नाही.

राक्षस आला तो दुसऱ्या दारातून. ते दार नारायण धारपांचं.

१९९३ साली नागझिऱ्याच्या जंगलात सुट्टीला गेलेल्या एका शाळकरी मुलाला त्याच्या मित्राने रात्री धारपांची एक गोष्ट सांगितली. मुलाची गाळण उडाली. त्या मुलाचं नाव राही बर्वे. 'थँक यू मिस्टर ग्लाड' आणि 'हमिदाबाईची कोठी' लिहिणाऱ्या अनिल बर्व्यांचा मुलगा. इतर मुलं अशी गोष्ट ऐकून आईच्या कुशीत झोपतात आणि पुढे वाणिज्य शाखेला जाऊन बँकेत लागतात. या मुलाने ती भीती जपून ठेवली आणि १९९७ साली, अठराव्या वर्षी, तिच्यावरून एका चित्रपटाचा पहिला खर्डा लिहिला. तो चित्रपट लोकांनी थेटरात पाहिला २०१८ साली. मधली एकवीस वर्षं कुठे गेली? तेच तर सांगतो आहे.

बर्व्यांनी चित्रपटाचं एकेक दृश्य कागदावर चितारून काढलं. ही चित्रं सातशे पानं झाली. एकामागून एक सात निर्मात्यांनी हा चित्रपट हातात धरला आणि सातांनीही सोडला. चित्रपट तीनदा सुरू झाला. त्यांपैकी २००८ साली निर्मात्याने ऐन वेळी अंग काढून घेतलं. शेवटी सोहम शाह या नटाने पदर खोचला. हा मनुष्य राजस्थानातल्या श्रीगंगानगरचा. 'शिप ऑफ थीसियस'चा तो एक निर्माता. त्या चित्रपटाचे दिग्दर्शक आनंद गांधी इथेही पाठीशी उभे राहिले. २०१२ साली चित्रीकरण झालं. जोडून पाहिल्यावर दिग्दर्शक म्हणाला, हे मला हवं होतं ते नाही. निर्माताही म्हणाला, नाही. मग पुन्हा लेखन, पुन्हा चित्रीकरण. ते संपलं मे २०१५ मध्ये. त्यावर पुढची तीन वर्षं बाकीचं काम.

एवढा वेळ लागण्याचं एक कारण पाऊस. गोष्टीतल्या तुंबाडावर देवांचा कोप आहे आणि तिथला पाऊस कधी थांबत नाही. तो पाऊस खोटा दिसता कामा नये, असा दिग्दर्शकाचा हट्ट. म्हणजे पावसाळ्यात शूटिंग, पावसाळा संपला की घरी, पुन्हा पुढच्या पावसाळ्याची वाट. अशी शेती आम्ही कोकणात करतो, पण आम्हांला निदान भात मिळतं.

बँकेतला माणूस म्हणून मी मनाशी कल्पना करून पाहिली, की हा प्रस्ताव कर्जासाठी माझ्या टेबलावर आला असता तर काय झालं असतं?

"उद्योग काय?"

"भीती."

"कच्चा माल?"

"पाऊस."

"तारण?"

"सातशे चित्रं. आणि एक आजी."

"आजी तारण ठेवता?"

"साधी आजी नाही साहेब. साखळीने बांधलेली. तिला जाग आली तर खाते."

"उत्पादन कधी सुरू होणार?"

"चांगला पाऊस झाला की. म्हणजे आधी एकदा झालंय, पण आवडलं नाही म्हणून पुन्हा करणार."

आमच्या मॅनेजरसाहेबांनी त्या अर्जावर शेरा मारायलाही पेन उचललं नसतं. बँकेचं पेन दोरीला बांधलेलं असतं, ते तरी तेवढं का झिजवा? आमच्या धंद्यात कर्ज आधी मंजूर होतं आणि मग बुडतं. हे मंजुरीआधीच बुडालेलं कर्ज होतं. म्हणून त्या सात निर्मात्यांना मी फार दोष देत नाही. त्यांनी हिशेब केला. हिशेबात आलेला आकडा म्हणजे तुम्ही आणि मी: थेटरात न येणारे.

इथे एक बारीकशी गोष्ट लक्षात घ्या. गाव कोकणातलं, गोष्ट पुण्याच्या धारपांची, नाव पेंडशांच्या कादंबरीचं, दिग्दर्शक मराठी, पडद्यावरचा वाडा सासवडचा पुरंदऱ्यांचा (कोकणात जांभ्याच्या चिऱ्यांची कौलारू घरं, किल्ल्यासारखा वाडा पाहिजे तर घाटच चढावा लागतो). शीर्षकगीत अजय-अतुलचं. आणि चित्रपट हिंदीत! पैसे श्रीगंगानगरच्या माणसाचे आणि पार्श्वसंगीत डेन्मार्कच्या येस्पर किड यांचं. म्हणजे जेवणघर आपलं, भांडी आपली, तांदूळ आपले, फक्त जळण बाहेरचं; आणि जळण ज्याचं त्याच्या भाषेत पंगत बसली. यावर आपल्याकडच्या विद्वानांनी हळहळ व्यक्त केली. "मराठीत का नाही केला?" असं ज्यांनी विचारलं, त्यांच्यापैकी किती जणांनी जळण दिलं असतं, हे विचारायची सोय नाही.

असो. चित्रपट तयार झाला. पहिल्यांदा तो कुठे दाखवला? खेडला? चिपळूणला? पुण्याला? छे! इटलीत. २०१८ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात समीक्षक सप्ताह नावाचा विभाग असतो, त्याची सुरुवात 'तुंबाड'ने झाली. त्या विभागाची सुरुवात भारतीय चित्रपटाने होण्याची ती पहिलीच वेळ. खेड तालुक्यातलं भूत गुहागर तालुक्याआधी व्हेनिसला पोचलं. तिथेही रस्त्यात पाणीच असतं म्हणा. परकं वाटलं नसेल.

इटालियन मंडळी या बाबतीत जाणकार. भयपटांचा त्यांचा धंदा जुना, आणि निर्मात्यांचा जाचही जुना. मारिओ बाव्हा नावाचा त्यांचा एक नामांकित दिग्दर्शक होता. त्याने १९७३ साली 'लिसा अँड द डेव्हिल' नावाचा मोठा देखणा, स्वप्नासारखा चित्रपट केला. तो कोणी विकत घेईना. तेवढ्यात अमेरिकेतला 'एक्झॉर्सिस्ट' जगभर धो धो चालला. मग निर्मात्याने काय करावं? त्याच चित्रपटाला कापलं, मध्ये अंगात येणारी बाई घातली, पाद्री घातला, ओकाऱ्या घातल्या, आणि १९७५ साली 'द हाऊस ऑफ एक्झॉर्सिझम' या नावाने बाजारात सोडला. आज जाणकार डोक्यावर घेतात तो बाव्हाचा मूळ चित्रपट. पण बाव्हा गेला १९८०मध्ये. आपल्याकडे ओकाऱ्यांच्या जागी आयटम साँग आलं असतं एवढाच फरक. 'तुंबाड'मध्ये ते आलं नाही, आणि त्यासाठी कोणीतरी आयुष्याची उमेदीची वर्षं घातली, हे विसरू नये.

१२ ऑक्टोबर २०१८ला चित्रपट आपल्याकडे लागला. मी तो त्याच आठवड्यात पाहिला. हेदवीत थेटर नाही, तेव्हा एस. टी. करून, तालुका ओलांडून गेलो. प्रचंड थेटरात आम्ही नवरा-बायको धरून चौदा माणसं. त्यांतले दोघे केवळ ऑक्टोबरच्या उकाड्यातून एसीत बसायला आलेले; आजी जागी झाल्यावर त्यांनाही घाम फुटला आणि त्यांचे पैसे वाया गेले. मध्यंतरात समोसेवाला मला म्हणाला, "साहेब, पिक्चर चांगला आहे म्हणतात, पण माणूस नाही." पुढे कर्णोपकर्णी बातमी पसरून थोडी गर्दी वाढली हे खरं, पण ज्या चित्रपटासाठी लोकांनी रांगा लावायला हव्यात, त्याला बाकड्यावर पाय पसरून पाहण्याचं सुख मला मिळालं. त्या सुखाची मला लाज वाटली.

चित्रपटाला नंतर फिल्मफेअरची तीन पारितोषिकं मिळाली: छायाचित्रणाचं, कलादिग्दर्शनाचं आणि ध्वनीचं. म्हणजे डोळ्यांनी आणि कानांनी पसंती दिली. पाकीट मात्र खिशातच होतं.

परत आल्यावर मी गावभर सांगत सुटलो. आमच्या शेजारच्या काकांना म्हटलं, "काका, बघाच. आपल्याकडचा पिक्चर आहे."

"गाणी आहेत का रे?"

"एक आहे."

"कोण हिरॉईन?"

"एक राक्षस आहे आणि एक आजी आहे."

"आजी घरात आहे की," काका म्हणाले आणि काकूंनी आतून भांडं आपटलं. "त्यासाठी तिकीट काढून एवढ्या लांब कशाला जाऊ?"

विषय संपला. पुढे काही वर्षांनी एका रात्री साडेअकराला काकांचा फोन.

"अरे, तो तुंबाड पाहिलास का?"

"काका, मी २०१८मध्ये..."

"काय भन्नाट आहे रे! नातवाने मोबाईलवर लावून दिला. कुठूनसा उतरवला त्याने, पैसे नाही पडले. आपल्या कोकणाचं नाव काढलं हो पोरांनी! आणि तू आम्हांला बोलला नाहीस ते?"

आता बोला! आणि हे एकटे काका नव्हेत. १३ सप्टेंबर २०२४ला हाच चित्रपट पुन्हा थेटरात लागला, तेव्हा त्याने पहिल्या खेपेपेक्षा कितीतरी जास्त गल्ला गोळा केला. सहा वर्षांपूर्वी बाकडी मोकळी, आणि आता तिकिटं मिळेनात. मेलेल्या माणसाच्या तेराव्याला पंगतीवर पंगत उठावी आणि तो जिवंत असताना चहाला कोणी बोलावलेलं नसावं, तसला प्रकार. पुन्हा लागल्यावर गेले त्यांना मी नावं ठेवत नाही. गेले हे उत्तमच. पण ज्या माणसाने एकवीस वर्षं घातली, त्याला हे दुसऱ्या खेपेचं प्रेम पहिल्या खेपेला मिळालं असतं तर एव्हाना आणखी दोन गोष्टी पडद्यावर आल्या असत्या की नाही? झालं असं की त्याच सप्टेंबरात दुसऱ्या 'तुंबाड'ची घोषणा झाली आणि राही बर्वे त्यातून बाजूला झाले.

मी हे बोलू लागलो की समोरून ठरावीक आक्षेप येतात. मी त्यांचं रजिस्टर ठेवलं आहे. एकेकाचा निकाल लावू.

आक्षेप पहिला: 'भयकथा म्हणजे हलकं वाङ्मय.' हे म्हणणाऱ्या माणसाने लहानपणी धारप हमखास वाचलेले असतात. पांघरुणात, टॉर्च लावून, लघवीला जायचं टाळत वाचलेले असतात. नारायण धारपांनी शंभराहून जास्त पुस्तकं लिहिली. सर्क्युलेटिंग लायब्ररीत त्यांच्या पुस्तकांची पानं सुटलेली, कोपरे दुमडलेले, मुखपृष्ठावर कोणाच्या तरी चहाचा गोल शिक्का. शेजारीच थोरामोठ्यांचे निबंधसंग्रह कोऱ्या नोटेसारखे करकरीत. बँकेत आम्ही फाटकी नोट हातात आली की ओळखतो, ही फिरलेली आहे, हिने काम केलेलं आहे. साहित्यात मात्र फाटकं पुस्तक हलकं आणि करकरीत पुस्तक थोर! विज्ञान शिकलेल्या या माणसाने मराठी वाचकाच्या दोन-तीन पिढ्यांना वाचनाची चटक लावली आणि आपण त्यांना पांघरुणाबाहेर ओळख दाखवली नाही.

कोणी म्हणेल, ज्या 'आजी'वरून हे रामायण घडलं ती तरी धारपांची स्वतःची कुठे? तिची नाळ स्टीफन किंगच्या 'ग्रॅमा' या कथेशी जुळलेली आहे. आहेच. अमेरिकेतल्या एका आजीला धारपांनी लुगडं नेसवलं आणि ती इतकी घरची झाली की कोणाला पत्ता लागला नाही. मग तिला बर्व्यांनी तुंबाडच्या वाड्यात नेऊन साखळदंडाने बांधलं, आणि तिच्या मागे एक पूर्ण नवी देवकथा उभी केली. गोष्टी अशाच चालतात. सून बाहेरून येते आणि चाळीस वर्षांनी तीच घराण्याच्या रीती सांगते.

आक्षेप दुसरा: 'मराठीत असल्या गोष्टीला प्रेक्षक नाही.' साफ खोटं. 'हा खेळ सावल्यांचा' १९७६ साली आला, त्याची आठवण अजून लोक काढतात. रत्नाकर मतकरींच्या गूढकथा वाचून झोप उडालेली माणसं अजून हयात आहेत. 'रात्रीस खेळ चाले' मालिका लागली की आमच्या गावात विहिरीवर जाणारी माणसं जोडीने जायची. प्रेक्षक आहे. गिऱ्हाईक नाही. या दोन शब्दांतला फरक बँकेतल्या शिपायालाही कळतो. मिठाईच्या दुकानाच्या काचेला नाक लावून उभा असतो तो प्रेक्षक.

म्हणून तर आपल्याकडे भूत एकटं येत नाही, सोबत विनोद घेऊन येतं. 'एक डाव भुताचा', 'झपाटलेला', 'पछाडलेला'. मला हे तिन्ही आवडतात, मी काही सोवळ्यातला नाही. पण निर्मात्याला खात्री असते, की मराठी माणूस नुसतं भिण्यासाठी पैसे देणार नाही, हसवलं तर देईल. मग भुतालाही विनोदाचा जोडधंदा करावा लागतो, जसा आमच्याकडे प्रत्येक माणूस आंब्याच्या जोडीला फणसपोळी विकतो.

आक्षेप तिसरा, आणि हा खास आमच्या भागातला: 'कोकणाची बदनामी केली!' हे मी स्वतः ऐकलेलं आहे. "तुंबाडात असं काही नाहीये हो. तिथे राक्षस नाही, आणि बारा महिने पाऊसही नाही." अहो, नाहीये हे माहीत आहे! रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, पण तो चार महिन्यांत उरकतो आणि एप्रिलमध्ये आम्ही हंडे घेऊन फिरतो. देवांच्या कोपाने पडणारा बारमाही पाऊस मिळणार असेल तर आमच्या ग्रामपंचायतीने तसा ठराव करून देवांकडे पाठवला असता. पण गोष्टीतला पाऊस मोजायला पर्जन्यमापक नेऊ नये. तो पाऊस लोभाचा आहे.

चित्रपटातला हस्तर हा समृद्धीच्या देवीचा पहिला मुलगा. आईचं सगळं सोनं त्याने घेतलं, आणि धान्यावर हात टाकला तेव्हा इतर देवांनी त्याला चेचला. आईने त्याला पोटात परत घेऊन वाचवला. तेव्हापासून तो तिथे आहे, कमरेला सोन्याच्या नाण्यांची थैली आणि पोटात युगायुगांची भूक घेऊन. विनायकराव त्या विहिरीसारख्या खोल गर्भात दोर लावून उतरतो, स्वतःभोवती पिठाचं रिंगण घालतो, हस्तरपुढे कणकेची बाहुली टाकतो, आणि तो ती खाण्यात गुंतला की चार नाणी उचलून जीव घेऊन वर येतो. संपली की पुन्हा उतरतो. ही बदनामी कोकणाची वाटत असेल तर वाटो. मला तर यात आमच्या बँकेत सोनेतारण कर्जाच्या रांगेत उभी असलेली निम्मी माणसं दिसली. काउंटरच्या आत बसलेलीही काही दिसली.

आक्षेप चौथा: 'घरबसल्या दिसतो की! थेटरात कशाला?' यावर मी एकच विचारतो. उद्या सगळेच घरी बसले, तर पडद्यावर पुढचं काही येणार कुठून?

माझी खरी धास्ती पुढची आहे. चित्रपटाचं एक वेळ राहू दे. आमच्याकडची घरं बंद होत चालली आहेत. मुलं मुंबईला, नातवंडं त्याहून लांब. गणपतीला कुलूप उघडतं, पाच दिवस झाडलोट होते, आणि विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी पुन्हा लागतं. ओटीवर बसून गोष्ट सांगणारी म्हातारी माणसं एकेक करून जात आहेत. कुलूपबंद घरात भूत राहतं अशी आपली समजूत. पण भुताला ऐकणारा लागतो. ज्याची गोष्ट कोणी सांगत नाही ते भूत खरोखरच मेलं. नागझिऱ्याच्या रात्री त्या मित्राने गोष्ट सांगायचा कंटाळा केला असता, किंवा धारपांनी 'काय मिळतंय यात' म्हणून लेखणी ठेवली असती, तर व्हेनिसला काय गेलं असतं? पेंडसे २००७ साली गेले आणि धारप २००८ साली. ज्या दोघांकडून नाव आणि भीती उचलली, त्या दोघांनाही तो पडदा पाहायला मिळाला नाही. आपण त्यांच्या हयातीत त्यांना काय दिलं, याचं खातं उघडून बघायची माझी हिंमत नाही. बाकी शून्यच्या आसपास असणार.

तेव्हा माझं मागणं साधं आहे. मी काही भयपटांसाठी महामंडळ मागत नाही. अनुदान मागत नाही. त्याचे फॉर्म भरण्यात काय भय असतं ते मला ठाऊक आहे. मागणं एवढंच: आपल्या भाषेतली, आपल्या मातीतली गोष्ट सांगायला कोणी धजला, तर पहिल्या आठवड्यात तिकीट काढा. भयकथेचं पुस्तक निघालं, तर लायब्ररीत नंबर लावून न बसता विकत घ्या. बामणघळीवर आजोबांनी गोष्ट सांगितली, तर निदान त्यांच्या चहाचे पैसे द्या. आणि गोष्ट संपल्यावर "खरं आहे का हो हे?" असं विचारू नका. खरं असतं तर तुम्ही ऐकायला थांबला नसतात.

हस्तरच्या थैलीतलं नाणं हवं असेल तर आधी त्याच्यासमोर कणकेची बाहुली ठेवावी लागते, एवढं तर त्या लोभी विनायकरावालाही कळत होतं. आम्ही त्याच्याही पुढचे. आम्हांला नाणी हवीत, अख्खी थैली हवी, हस्तर आमच्याच तालुक्यातला होता असं मिरवायलाही हवं, पण कणीक मात्र शेजाऱ्याच्या डब्यातली हवी.